पालथं पडून पाहायचा कडा

हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्याशी पोचलेला जाणता माणूस उभा राहून खाली डोकावत नाही, पालथा पडतो. त्याचीही एक रीत आहे. बॅग पाठीवरून उतरवायची, कारण वाकल्यावर तिचं वजन डोक्याकडे येतं. गळ्यातला कॅमेरा आणि वरच्या खिशातला मोबाईल मागच्याकडे द्यायचा. चष्मा असेल तर दोरीने बांधायचा. काठाच्या दोन-अडीच मीटर अलीकडेच गुडघ्यांवर यायचं आणि तिथून पोटावर. खाली कातळ आहे की नुसतं गवत, हे तळहाताने चाचपत सरकायचं. पावसाळा संपता संपता कडेचं गवत काठाच्याही पुढे झुकलेलं असतं आणि जिथे जमीन संपलेली असते तिथे ते जमिनीचा खोटा भरवसा देतं. छाती कातळावरच राहिली पाहिजे, बाहेर जायचे ते फक्त डोळे. मागच्याने घोटे धरायचे. एका वेळी एकच जण. परतताना वळायचं नाही, जसे सरपटत गेलो तसेच मागे सरपटायचं. ओल्या कातळावर, धुक्यात किंवा सोसाट्याच्या वाऱ्यात यातलं काहीच करायचं नाही.

एवढं करून काय दिसतं? पहिली गंमत अशी, की ज्या कड्यावर आपण पडलेलो असतो तो दिसतच नाही. कोकणकडा नागाच्या फण्यासारखा पुढे झुकलेला आणि मधे आत वळलेला आहे. आपल्या पोटाखालची भिंत आत गेलेली असते, त्यामुळे नजर कुठेच न अडकता हजारेक मीटर खालच्या कोकणात जाऊन पडते. डावी-उजवीकडे त्याच कड्याची टोकं दिसतात, लाव्ह्याच्या आडव्या थरांचे पट्टे दिसतात. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी एकावर एक साचत गेलेले हे थर कुणीतरी सुरीने कापून ठेवल्यासारखे वाटतात. पण आपला आधार तेवढा नजरेआड राहतो.

शनिवारी रात्री मुंबई-पुण्याहून निघायचं, झोपमोड करून घ्यायची, पाचनईहून दोन-तीन तास नाहीतर खिरेश्वरहून टोलार खिंडीच्या वाटेने चार-पाच तास चढायचं, आणि अखेर एका पोकळीच्या काठावर पोट टेकून पडायचं. यातून काही मिळवायचं नसतं, कुणाला काही सिद्ध करून दाखवायचं नसतं. तरी एकदा जाऊन आलेल्याला पुढच्या पावसाळ्यात पुन्हा हुरहूर लागते. ‘सह्याद्री बोलावतोय’ असं आपण म्हणतो. तो बोलावत नाही हे सगळ्यांना ठाऊक असतं. मग ही हाक येते कुठून? याचं उत्तर शोधायचं तर सुरुवात मनापासून नको, शरीरापासून करावी. कड्यावर पहिला कौल शरीरच देतं.

उभा माणूस कधीच अगदी स्थिर नसतो. सरळ उभं राहिलं तरी शरीर पुढे-मागे सेंटिमीटर-दोन सेंटिमीटर डोलत असतं आणि ते सावरलं जातं. सावरण्याचं हे काम कानातलं तोलाचं यंत्र, पायांचे स्नायू आणि डोळे मिळून करतात. डोळ्यांची पद्धत साधी आहे: जवळची वस्तू किती सरकली ते बघायचं. दोन सेंटिमीटर डोललो तर मीटरभर अंतरावरचा दगड नजरेत साधारण एक अंशाने सरकतो, आणि तेवढं डोळ्यांना पुरतं. पण समोर हजार मीटरवरचं छप्पर असेल तर तेवढ्याच डोलण्याने ते जेमतेम एका अंशाच्या हजाराव्या भागाइतकं सरकतं. डोळ्यांना काहीच कळत नाही. कान सांगतो ‘हललो’, डोळे सांगतात ‘नाही’. या भांडणातून भोवळ येते, पाय लटपटतात, डोलणं आणखी वाढतं. थॉमस ब्रांट या जर्मन मेंदूतज्ज्ञाने उंचीवरच्या भोवळीची उकल याच रीतीने केली. आपल्या भाषेत ती आधीपासून आहे: नजर ठरत नाही. शब्दशः तेच घडतं, नजरेला ठरायला जवळ काही उरत नाही.

म्हणून पालथं पडायचं. पडलं की डोलण्याचा प्रश्नच मिटतो आणि डोळ्यांच्या कोपऱ्यात हाताशेजारचा कातळ, त्यावरचं दगडफूल, गवताची काडी राहते. उभंच राहायचं असेल तर काठापासून चांगलं मागे, एखाद्या धोंड्याला हात लावून. आणि त्या वेळी सरकणाऱ्या ढगांकडे टक लावून बघू नये. ढग सरकतात आणि आपणच कलतोय असं वाटतं. उभ्याने दुर्बिणीतून दरी बघणं तर त्याहून वाईट, कारण दुर्बीण जवळचं सगळंच काढून घेते.

काठाशी आणखी एक चमत्कारिक गोष्ट घडते, जी बरेच जण कुणाला सांगत नाहीत. ‘उडी मारली तर?’ असा विचार क्षणभर चमकून जातो, पोटात खड्डा पडतो आणि माणूस दचकून मागे होतो. आपल्या मनात असलं काही आलंच कसं, या विचाराने काही जण दिवसभर खजील असतात. फ्लोरिडा राज्य विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१२ साली चारशेहून अधिक विद्यार्थ्यांना याबद्दल विचारलं. आत्महत्येचा विचार आयुष्यात कधीही न केलेल्या अनेकांना हा अनुभव आलेला होता. त्यांनी लावलेला अर्थ असा: शरीर धोका ओळखून क्षणार्धात मागे होतं, मन जरा उशिरा येतं. आपण मागे का झालो याचा शोध घेताना ते उलटाच निष्कर्ष काढतं, की ‘अर्थात मला उडी मारायची होती’. म्हणजे तो विचार बहुतेक वेळा जगण्याच्या इच्छेचाच चुकीचा अनुवाद असतो. मात्र हाच विचार घरी, सपाटीवरही पाठ सोडत नसेल तर गोष्ट वेगळी. तेव्हा डोंगर पुढे ढकलावा आणि डॉक्टरांशी बोलावं.

आपल्या काव्यशास्त्राला हा सगळा क्रम फार जुना ठाऊक आहे, असं मला वाटतं. भरताच्या नाट्यशास्त्रात भयानक रसाचा स्थायीभाव भय आणि अद्भुताचा विस्मय. शांत हा नववा रस पुढे मान्यता पावला, त्याचा स्थायीभाव शम. कड्याच्या काठावर हे तिन्ही याच क्रमाने येतात. आधी भय. ते ओसरलं की विस्मय. आणि वेळ दिला तर, पण वेळ दिला तरच, शम. पहिल्याला दोन मिनिटं लागतात, दुसऱ्याला दहा-पंधरा. तिसऱ्याला तास-दोन तास. बहुतेक सहली दुसऱ्या रसात, फोटो काढून संपतात. हुरहूर मात्र तिसऱ्याची असते. तीच ती वारंवार लागणारी हाक.

विस्मयाकडे जरा थांबून बघू. ‘भव्य’ हा शब्द आपण सरसकट वापरतो, पण डोळ्यांना भव्यता कळते कशी? सहा मीटरच्या पुढे डोळ्यातल्या भिंगाला जुळवून घ्यावंच लागत नाही. त्याच्या लेखी सहा मीटर आणि साठ किलोमीटर सारखेच. दोन डोळ्यांच्या दोन प्रतिमांवरून खोली ओळखण्याची युक्तीही फार दूर चालत नाही. त्यापुढचं अंतर डोळे अंदाजाने ठरवतात आणि त्यांचा मोठा आधार असतो हवा. जवळची रांग गडद हिरवी, तिच्यामागची निळसर, तिच्यामागची राखाडी, आणि शेवटची आहे की नाही अशी. जितकी फिकट तितकी दूर, हा डोळ्यांचा हिशेब. म्हणूनच पाऊस सरल्यावर एखाद्या लख्ख सकाळी पलीकडचा डोंगर हात लांबवला तर लागेल असा जवळ येतो आणि दरी चक्क लहान वाटते. स्वच्छ हवेची वाट बघत बसणाऱ्यांना हे पटत नाही, पण किंचित धूसर दिवशीच कोकण अफाट दिसतं. १,३०० मीटर उंचीवरून क्षितिज सव्वाशे किलोमीटरच्याही थोडं पुढे असतं. समुद्र त्याच्या आतच आहे, शंभरेक किलोमीटरवर. हिशेबाने दिसायला हवा. हवेतला धुरळा तो दिसू देत नाही.

दुसरी अडचण मापाची. उघड्या कातळावर ओळखीच्या आकाराचं काहीच नसतं, त्यामुळे कडा शंभर मीटरचा आहे की सातशेचा, हे नजरेला ठरवता येत नाही. पहिल्यांदा आलेला माणूस ‘फोटोत यापेक्षा मोठा वाटला होता’ असं म्हणतो, ते यामुळेच. उपाय आहे. आधी कड्याच्या पायथ्याच्या बेलपाडा गावाचं एक कौलारू छप्पर शोधायचं. त्या छपराखाली चूल आहे, खाट आहे, दाराशी चपला आहेत, असं मनाशी धरायचं. मग त्या ठिपक्यावरून नजर हळूहळू भिंतीवर चढवत आणायची. मधेच कुठेतरी छाती दडपते. एखादी पाकोळी भिंतीला लगटून गेली आणि दिसेनाशी झाली, तरी हेच होतं. ती उडून गेली नाही, नुसती लहान होत गेली, हे उमगतं तेव्हा.

डॅचर केल्टनर आणि जोनाथन हाइट या मानसशास्त्रज्ञांनी २००३ साली या भावनेची दोन लक्षणं सांगितली. समोरची गोष्ट आपल्यापेक्षा फार मोठी वाटली पाहिजे, आणि ती मनातल्या जुन्या साच्यात बसता कामा नये, म्हणजे साचाच बदलावा लागला पाहिजे. पहिलं लक्षण सगळ्यांच्या ध्यानात येतं. दुसरं जास्त महत्त्वाचं. कोकणकड्याचे शेकडो फोटो आणि ड्रोनचे व्हिडिओ आधीच पाहून गेलेल्याचा साचा घरीच तयार झालेला असतो. तो तिथे जाऊन फक्त खातरजमा करतो. भय वाटतं, विस्मय वाटत नाही. जाण्याआधी वाट, पाणी आणि मुक्काम यांची माहिती काढावी, कड्याची काढू नये.

या भावनेत माणसाचं होतं काय, याचा एक देखणा प्रयोग २०१७ साली प्रसिद्ध झाला. कॅलिफोर्नियातल्या योसेमिटी दरीच्या दर्शनस्थळी आलेल्या प्रवाशांना चौकटीचा कागद देऊन ‘स्वतःला काढा’ म्हणून सांगितलं. सॅन फ्रान्सिस्कोच्या गजबजलेल्या धक्क्यावर फिरणाऱ्यांनाही तेच सांगितलं. दरीसमोरच्या लोकांनी स्वतःला लहान काढलं. धक्क्यावरचे लोक दुःखी नव्हते, मजेतच होते. तरी त्यांची चित्रं मोठी आली. सुखाने माणूस लहान होत नाही, विस्मयाने होतो. आणि लहान झाल्याचं त्याला वाईट वाटत नाही, उलट हायसं वाटतं.

हायसं का वाटावं? शहरातला दिवस आठवून पाहावा. सकाळपासून प्रत्येक गोष्ट आपल्याला उद्देशून असते. मोबाईल आपल्या नावाने वाजतो. बँक आपला ओटीपी मागते. सोसायटीच्या ग्रुपवर आपलं मत हवं असतं, साहेबांना आपलं उत्तर, जाहिरातीला आपली नजर. दिवसभर ‘मी’ हजर लागतो, आणि या हजेरीचा शीण येतो. कडा आपल्याला उद्देशून काहीच म्हणत नाही. त्याला आपलं नाव नको, मत नको. तिथे ‘मी’ रजेवर जातो. विशाल, रानटी, माणसाची पर्वा नसलेल्या जागांची ओढ म्हणजे मुख्यतः या रजेची ओढ आहे, हे माझं मत. सौंदर्य दुय्यम. सुंदर तर मुंबई-पुण्याच्या बागाही असतात, पण बाग आपल्यासाठी लावलेली असते. तिथल्या बाकालाही आपलीच वाट पाहायची असते.

पण मग आपण त्या जागेशी ‘नातं’ का मागतो? इथे खरी गुंतागुंत आहे. आपली दखल घेत नाही म्हणून जी जागा हवीशी वाटली, तिनेच आपल्याला ओळखावं अशी इच्छा परतीच्या बसमध्ये सुरू होते. कातळावर कोरलेली नावं, बदाम आणि तारखा या इच्छेचंच कुरूप रूप. सेल्फी सौम्य रूप. दोन्हींमध्ये माणूस विशालतेला सांगत असतो: मी आलो होतो, नोंद घे. ती घेत नाही. सोमवारी ऑफिसात बसल्यावर जो रिकामेपणा वाटतो, ‘जाऊन आलो पण काहीतरी राहून गेलं’ असा, त्याचा निम्मा भाग या एकतर्फी प्रकरणाचा असतो. उरलेला निम्मा साध्या नियोजनाचा.

नियोजनाचं आधी निस्तरू, कारण ते हातात आहे. मिशिगन विद्यापीठातल्या रेचल आणि स्टीफन कॅप्लन या जोडप्याने १९८९ साली मांडलेला विचार इथे उपयोगी पडतो. ठरवून लक्ष देण्याची मनाची ताकद वापरून वापरून थकते, आणि ती भरून यायला जागेत चार गोष्टी लागतात: रोजच्या रगाड्यापासून सुटका, शिरून हरवता येईल असा विस्तार, मन हलकेच गुंतवणारं पण पकडून न ठेवणारं काहीतरी, आणि आपल्याला तिथे जे करायचं आहे ते करू देणारं वातावरण. आता पावसाळ्यातली चाळीस जणांची एक रात्र-एक दिवसाची मोहीम या चार कसोट्यांवर घासून बघा. सुटका नाही, कारण गर्दीत ऑफिसच्याच गप्पा. विस्तार आहे, पण धुक्यात. मन हलकेच गुंतायला ढग आहेत, पण शिट्टी वाजते: चला, दहा मिनिटांत निघायचंय. आणि वातावरण? कुणाच्या तरी स्पीकरवर गाणी लागलेली असतात. वनखात्याने अशा गर्दीवर बंधनं आणली की लोक चिडतात. मला ती बंधनं डोंगरापेक्षा माणसाच्याच भल्याची वाटतात.

जमणारी रीत साधारण अशी. ऑक्टोबरअखेर ते फेब्रुवारी, आठवड्याच्या मधला दिवस, तीन-चार माणसं. माणशी तीन लिटर पाणी. पाचनईहून सकाळी चढायला लागायचं, देवळाजवळ जेवण उरकायचं आणि दुपारी साडेतीनच्या सुमाराला कड्यावर पोचायचं, म्हणजे सूर्यास्ताआधी अडीच तास हातात राहतात. आल्या आल्या घामाचा शर्ट बदलायचा. ही क्षुल्लक बाब नाही. कोकणातून वर चढणाऱ्या वाऱ्यात ओला शर्ट अंगावर असला की दहा मिनिटांत हुडहुडी भरते आणि शांत रस पळ काढतो. पालथं पडून एकदा बघून घ्यायचं, भीतीचा हिशेब चुकता करायचा, आणि मग पाच-सहा मीटर मागे यायचं. तिथे पाठ टेकायला धोंडा असेल अशी जागा निवडायची. जे ॲपलटन या इंग्रज भूगोलज्ञाने १९७५ साली म्हटलं होतं की माणसाला अशी जागा मनापासून आवडते जिथून लांबवर दिसतं पण स्वतः आडोशाला असतो. आपल्या आज्या-पणज्यांना हे सांगायला भूगोलज्ञ लागला नव्हता. घराला ओसरी होती.

मग बसायचं. पहिली वीस मिनिटं कंटाळवाणी जातात, हात सारखा मोबाईलकडे जातो. यातच बहुतेक जण उठतात आणि ‘बघून झालं’ म्हणतात. उठू नये. हात रिकामे ठेवण्यापेक्षा वहीत समोरच्या रांगांची नुसती कडरेघ काढावी. चित्र चांगलं येण्याची अट नाही. रेघ काढायला लागलं की कुठे खिंड आहे, कुठे सुळका, कुठे दोन रांगा एकीसारख्या दिसत होत्या, हे पहिल्यांदा दिसतं. फोटोने हे होत नाही. लिंडा हेन्केल या संशोधिकेने २०१४ साली संग्रहालयात दाखवून दिलं की ज्या वस्तूंचे लोकांनी नुसते फोटो काढले त्या त्यांना कमी आठवल्या, आणि वस्तूच्या एखाद्याच भागावर कॅमेरा जवळ नेला तर स्मरण तितकं घसरलं नाही. तेव्हा फोटो काढायचाच तर कड्याचा काढू नये, शेजारच्या दगडफुलाचा काढावा.

तासाभराने आवाज उलगडायला लागतात. आधी नुसता वारा होता. आता गवतातला वारा आणि दरीतून वर येणारा वारा हे दोन वेगळे कळतात. खालून गुराच्या गळ्यातली घंटा, कुत्र्याचं भुंकणं, लग्नसराई असेल तर बेंजोचा ठेकासुद्धा. तिकडे कोकणात कुणाची तरी वरात आहे आणि इथे आपण शम शोधतोय, याचं हसू येतं. हसू येणं चांगलं लक्षण आहे. रांगा एकेक करून विझतात, खाली दिवे लागतात. अंधार पडायच्या आत परतीची पायवाट एकदा नजरेखालून घालून ठेवलेली असावी आणि विजेरी बॅगेच्या तळाशी न ठेवता खिशात असावी. धुकं चढलं तर कड्याच्या बाजूने एकही पाऊल टाकायचं नाही, आहे तिथेच बसायचं. धुकं उठतं. घाई करणारा मात्र काठ शोधत फिरतो आणि काठ सापडतो.

आता नात्याचं. गडाच्या आसपास पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्यांकडे पाहिलं की आपल्या हुरहुरीतली खोट कळते. इथल्या महादेव कोळ्यांना ‘विशाल निसर्गाची ओढ’ वगैरे नसते. त्यांना जागा असतात. हे पाणवठ्याचं, ही ढोरवाट, इथे वरई-नाचणी, हे देवाचं रान. देवराईतली वाळकी काटकीही घरी न्यायची नाही. दिवाळीच्या तोंडावर वाघबारशीला गुराखी वाघोबाच्या ठाण्यावर जमतात, नैवेद्य दाखवतात, गुरांची राखण मागतात. वाघाशी हे नातं प्रेमाचं नाही. ते करारासारखं आहे, त्यात भीती आहे, मान आहे, हद्द आहे. रान आपल्याला ओळखतं की नाही, हा प्रश्न तिथे कुणी विचारत नाही. आपण रानाला ओळखतो, त्याचे नियम पाळतो, एवढं पुरतं. यात भाबडं काही पाहू नये. कष्टाचं जिणं आहे आणि नव्या पिढीचे डोळे नारायणगाव-पुण्याकडे लागलेले आहेत. पण नातं कशाने बनतं ते तिथे दिसतं: नावांनी, हद्दींनी, आणि पुन्हा पुन्हा त्याच वाटेने जाण्याने.

चांगदेव या गडावर राहिले, शके १२३४ मध्ये ‘तत्त्वसार’ इथेच लिहून झाला. तुकोबा मात्र हिमालयात गेले नाहीत. भामचंद्र, भंडारा, घोरवडेश्वर: देहूहून पायी जाऊन परत येता येतील असेच डोंगर त्यांनी धरले. मला हा तपशील फार मोलाचा वाटतो. अफाटाशी सोयरीक अफाट प्रवासाने जुळते, हा आपला अलीकडचा समज, विमानकंपन्यांना सोयीचा. सलग दोन आठवड्यांच्या लडाखपेक्षा एकाच टेकडीच्या वर्षभरातल्या चाळीस फेऱ्या जास्त देतात. इंग्लंडमधल्या सुमारे वीस हजार लोकांच्या पाहणीत २०१९ साली असं आढळलं, की आठवड्याला निदान १२० मिनिटं निसर्गात घालवणाऱ्यांची प्रकृती आणि समाधान दोन्ही उजवी होती. ती एकदम घालवली की तुकड्यातुकड्यांत, याने फरक पडत नव्हता. पुणेकरांना वेताळ टेकडी आहे, मुंबईकरांना बोरिवलीचं रान. वार ठरवून, तीच वाट, तोच दगड. ग्रँड कॅन्यनच्या कठड्याशी उभं राहून ‘आपला कोकणकडा काय कमी आहे’ म्हणणारी मराठी मंडळी पुष्कळ भेटतात. त्यांनाही घराजवळचा एखादा ओढा धरायला हरकत नाही.

कोकणकड्यालाही हेच लागू. सगळा कडा कुणाचाच होत नाही, त्याचा हातभर तुकडा होतो. सप्टेंबरात काठाशी पिवळी सोनकी फुललेली असते, खाली ओलीला तेरडा. उतारावरची कारवी सात वर्षांनी एकदा फुलते, म्हणजे एखाद्याच्या उमेदीच्या काळात पाच-सहा वेळाच. पहाटे अंधारातच ओळखीच्या सुरात पण भरकटणारी शीळ ऐकू आली तर तो शीळकरी कस्तूर हा पक्षी. अशी चार-पाच नावं पुरेत. पुढच्या खेपेला त्यांतली दोन जरी जागेवर भेटली तरी आपण पाहुणे राहत नाही. दरी आपल्याला ओळखत नाहीच, पण त्याची रुखरुख कमी होते. सोनकीपाशी बसलेल्याला दरीच्या ओळखीची तितकीशी गरज उरत नाही.

आणि नशीब असेल तर सकाळी एक गोष्ट दिसते. सूर्य पाठीशी, पूर्वेला, अजून खाली. समोर कोकणातून ढग चढत चढत काठाच्या थोडे खाली येऊन थांबलेले. आपली सावली त्या ढगावर पडते आणि सावलीच्या डोक्याभोवती सप्तरंगी कडं उमटतं. इंद्रवज्र. कर्नल साइक्स या इंग्रज अधिकाऱ्याची १८३५ सालातली या गडावरच्या गोल इंद्रधनुष्याची नोंद प्रसिद्ध आहे. ढगातल्या सूक्ष्म थेंबांवरून प्रकाश आल्या दिशेने परत फिरतो, म्हणून त्या वलयाचं केंद्र नेमकं बघणाऱ्याच्या डोळ्यांच्या सावलीत असतं. थेंब जितके बारीक तितकं कडं मोठं. चौघं एका ओळीत उभे असले तर ढगावर चार सावल्या दिसतात, पण वलय एकाच सावलीला असतं, आपल्या. शेजाऱ्यालाही ते दिसतं, त्याच्या. दोघंही एकमेकांना खुणावून दाखवतात, ‘अरे, तुझ्या नाही, माझ्या डोक्याभोवती’, आणि दोघंही खरं बोलत असतात. रात्रभर ज्याला रजेवर पाठवलं होतं तो ‘मी’ ऐन दरीच्या मधोमध, तेजोवलय लावून, हजर.

हात हलवला की तोही हलवतो. मग ढग खाली बसायला लागतात, वलयाची एक बाजू विरते, आणि तिथेच, सावलीच्या खांद्यापाशी, बेलपाड्याचं ते कालचं छप्पर वर येतं. त्यातून धूर निघत असतो.